वारा विचारणारी रायफल

४ फेब्रुवारी

ती. ताईस,
बोक्याचा सा. न., आणि पत्राला उशीर झाला म्हणून राग निम्माच यावा अशी वि. वि.

आम्ही दोघं ठीक आहोत. तुझी भावजय मात्र गेला पंधरवडा माझ्याशी कामापुरतंच बोलते आहे, कारण मी रायफलीवर नवी दुर्बीण बसवली. दुर्बीण आपली म्हणायची म्हणून. आत अख्खा कॉम्प्युटर आहे. डोळा लावला की छोटा पडदा दिसतो, लख्ख. टार्गेटवर धरून बटण दाबलं की तिथे लाल ठिपका चिकटतो. मग माझा हात थरथरो की मला शिंक येवो, ठिपका हलत नाही. अंतर ती स्वतः मोजते. हवा किती गरम, रायफल किती कलली, तेही तीच बघते. मी नुसता चाप ओढून धरायचा. गोळी तरीही लगेच सुटत नाही. पडद्यावरची फुली बरोबर ठिपक्यावर आली की रायफल आपली आपण सुटते. आबा असते तर हात मागे बांधून दिवसभर तिच्याभोवती फिरले असते आणि शेवटी हिला तेलपाणी कोण करतं एवढंच विचारलं असतं.

एप्रिलमधल्या नेमबाजीच्या जोडीच्या सामन्यात यंदापासून ही दुर्बीण चालेल, असं कमिटीने ठरवलंय. जोडीदार नसला तरी नाव घेणार आहेत. तुझ्या गुडघ्यांमुळे तीन वर्षं मी घरीच बसलो, आता बघू. गुडघ्यांना जप.

तुझा लोभ आहेच, तो कमी करू नकोस.
बोक्या


१३ फेब्रुवारी

चि. बोक्यास,
ताईचे अ. आ. आणि कानाला एक हलकासा चिमटा.

तुझं पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा हसू आलं, दुसऱ्यांदा आलं नाही.

रेंजच्या मागची आपली ती दोन खोल्यांची जागा मला अजून स्वप्नात दिसते. आबा रेंजचे राखणदार, त्यामुळे आपल्या उशांनासुद्धा रायफलच्या तेलाचा वास. तू चापासाठी जमिनीवर लोळण घेतलीस, मीही हट्टाला पेटले, तेव्हा आबांनी एका वाक्यात वाटणी करून टाकली. चाप तुझा, वारा माझा, आणि कुणी दुसऱ्याच्या कामात नाक खुपसायचं नाही. मला वाटलं, मला उरलंसुरलं मिळालं. मग मी त्या तिपाईवरच्या दुर्बिणीतून जमिनीवरची झळ पहिल्यांदा पाहिली. दगडांवरून पाणी वाहावं तशी ती वाऱ्यासरशी आडवी वाहत होती. वारा डोळ्यांना दिसतो, हे मला त्या दिवशी कळलं. त्यानंतर तुझ्या डाव्या बाजूला सतरंजीवर पडून वारा कुठून, किती ते मी सांगायचे आणि तू मारायचास. लग्न झाल्यावरही दर वर्षी एवढ्यासाठी मी येत राहिले. सासरी सगळ्यांना वाटायचं, माहेरची ओढ. ओढ त्या सतरंजीची होती.

आता तुझ्याकडे सगळं सांगणारं यंत्र आलं. चांगलं झालं. मला वाईट वाटलं, ते लपवत नाही. सामन्याला मला बोलावण्याचा उपचार करू नकोस. यंत्राशेजारी बसून मी काय करणार?

पाठीला शेक घेत जा. राग धरू नकोस, मीही धरणार नाही.
ताई


२० फेब्रुवारी

ती. ताईस,
सा. न. आणि चिमट्याची पोच.

तू उगाच मनाला लावून घेतलंस. यंत्र ते यंत्र. पण काम चोख करतं हो. काल रेंजवर गोळ्या अशा एकमेकींना खेटून बसल्या की तळहाताने झाकाव्यात. तरुण मंडळी येऊन बघून गेली.

एक आपलं सहज विचारतो. मैदानाच्या मधला झेंडा उजवीकडे फडकतो आणि त्याच्या पुढचं गवत डावीकडे लवतं, अशा वेळी तू कुणाचं खरं धरायचीस? आणि झळ सरळ वर उठताना दिसली तर? सावकाश कळव, घाई नाही. मात्र या आठवड्यात कळवलंस तर बरं.

माया असू दे.
बोक्या


२६ फेब्रुवारी

ती. वन्संना,
शि. सा. न. हे पत्र मी यांना न दाखवता लिहिते आहे, तेवढं पोटात ठेवावं.

यांनी तुम्हाला गोळ्या खेटून बसल्याचं कळवलं असेल. ते खरंच आहे. त्या दिवशी चहाचा थर्मास घेऊन मीही रेंजवर गेले होते. सगळ्या गोळ्या एका ठिकाणी बसल्या होत्या, पण टार्गेटच्या बाहेर, शेजारच्या मातीत. एकही कागदाला लागली नाही. मंडळी बघून गेली ती म्हणूनच.

त्या दुर्बिणीला बाकी सगळं कळतं, पण मधल्या मैदानातला वारा कळत नाही. ती पडद्यावर विचारते, आणि आपण आकडा घालायचा. हे दर वेळी शून्य घालतात. मी विचारलं, असं का, तर म्हणाले की वारा माझ्या वाटणीला कधी आलाच नाही, तो ताईचा. इतक्या वर्षांत एकदासुद्धा शिकले नाहीत. ज्यात नाक खुपसायचं नाही म्हणून सांगितलं, त्यात खुपसलं नाही. हट्ट बघा कसा.

आता जे लिहायचं म्हणून बसले ते लिहिते. यांच्या नजरेत मधोमध धूसर डाग येतो. दोन्ही डोळ्यांत. डॉक्टरांनी सांगितलं, यावर इलाज नाही आणि तो वाढत जाणार. साध्या दुर्बिणीतून यांना टार्गेट दिसेनासं झालं, म्हणून तो पडदा घेतला. तोही वर्षभर पुरेल असं नाही. तुम्हाला हे कळवायचं नाही असं मला बजावलंय. तुम्ही गुडघे दुखत असताना यांच्यासाठी धावत याल म्हणून. आणि तुम्ही यावं म्हणून हे तुम्हाला गवताचे आणि झेंड्याचे प्रश्न विचारतात. या भावाबहिणींपुढे मी हात टेकले.

पुढचं तुम्हीच ठरवा.
आपली भावजय


४ मार्च

चि. बोक्यास,
अ. आ. फक्त आशीर्वाद, चिमटा नाही.

तुझ्या प्रश्नांची उत्तरं पत्रातून देता येत नाहीत. गवत कधी खरं असतं, कधी झेंडा, आणि कधी दोघंही थापा मारतात. ते तिथे बसून बघावं लागतं. तेव्हा मी येते. सामन्याच्या आठ दिवस आधी येईन. सतरंजीवर मला पडता येणार नाही, कमिटीला सांगून हात असलेली खुर्ची मागून ठेव. बिनहाताची दिली तर मला उठवायला चौघं लागतील.

त्या यंत्रावर मी उगाच जळले. त्याला बापड्याला वारा दिसत नाही, हे मला ठाऊक नव्हतं. आपली तिघांची जोडी चांगली जमेल.

मला कुणी काही सांगितलेलं नाही. भावजयीशी भांडू नकोस. आणि तू माझ्यापासून यापुढे काही लपवलंस तर मी तुझं तोंड बघणार नाही, असं लिहिणार होते, पण लिहीत नाही. मला तुझं तोंड बघायचं आहे, आणि तुला माझं दिसतंय तोवर यायचं आहे. म्हणून घाई.

स्टेशनावर येऊ नकोस, मी रिक्षा करीन.
ताई


२९ एप्रिल

ती. ताईस,
सा. न. तू सुखरूप पोचल्याचा फोन आला, तरी पत्र लिहायची सवय मोडवत नाही. ओळी वाकड्या गेल्या तर चालवून घे.

आपला नंबर कितवा आला ते तुला माहीत आहे, तेव्हा शाई वाया घालवत नाही. कमिटीच्या सेक्रेटरीने मला बाजूला घेऊन विचारलं की त्या खुर्चीवरच्या बाई एवढ्या कुणावर रागावत होत्या. मी सांगितलं, वाऱ्यावर. ते त्याला पटलं नाही. पहिली गोळी तू सांगितलंस तिथे न जाता भलतीकडे गेली, कारण मी आकडा घालताना उलटी बाजू दाबली. तुझं चुकलं नव्हतं, हे लेखी देतो. नंतरच्या मात्र कागदावरच बसल्या. तू आकडा सांगत होतीस, मी दाबत होतो, आणि चाप ओढून धरल्यावर रायफल सुटेपर्यंत जो एक क्षण जायचा, त्यात मला वाटायचं की मी बारा वर्षांचा आहे. फार बरं वाटलं, ताई. तू आलीस म्हणून.

काल डॉक्टरांकडे जाऊन आलो. आता पडद्यावरचा ठिपकाही मला नीट सापडत नाही, हे मी त्यांना सांगितलं. तुझ्यापासून लपवायचं नाही असं ठरलंय, म्हणून लिहितो. रायफल पुसून पेटीत ठेवली. थोडा वेळ तिथेच बसलो. मग उठलो.

दुर्बीण परत द्यायला गेलो, तर दुकानदाराने सांगितलं की ती प्रत्येक गोळीच्या वेळचं चित्र आणि आवाज साठवून ठेवते. मला याचा पत्ताच नव्हता. त्याने सामन्याचं सगळं माझ्या फोनवर घालून दिलं. चित्र मला दिसत नाही, मधोमध सगळं धुरकट. पण आवाज अगदी स्वच्छ आहे. तू मला कोपर आत घे म्हणून दटावतेस. खुर्ची करकरते. तू डावीकडे थोडा म्हणतेस, मग नाही म्हणतेस, मग गप्प बसतेस, आणि मग आकडा सांगतेस.

आबांचा आवाज कसा होता ते आठवायचा मी परवा प्रयत्न केला. शब्द सगळे आठवले, आवाज काही येईना.

आज दुपारी टेबलावर फोन ठेवून मी तुझं बोलणं लावून बसलो होतो. स्वयंपाकघरातून तुझ्या भावजयीने हाक मारून विचारलं, वन्सं आल्यात का, चहा टाकू का. मी हो म्हणून सांगितलं.

तिने तीन कप आणले.
बोक्या