पिठातले हात

९ जाने. ८८
सकाळी भाकरी, संध्याकाळी खिचडी. पोरींच्या वसतिगृहाचं स्वयंपाकघर कधी सुटत नाही. हॉलमध्ये गॅदरिंगचा मुका खेळ बसतोय. त्याला माइम म्हणतात. बोलायचं नाही, हातात वस्तू नाही, नुसत्या अंगानं दाखवायचं. चहा द्यायला गेले तर वंदना हवेत जातं ओढत होती. म्हटलं, "वरण ढवळतेस का गं?" सगळ्या हसल्या. नाटकाचे सर नाही हसले. "मावशी, तुम्ही दाखवा." म्हटलं, माझं भाकरीचं पीठ वाळतंय. आले निघून.
जातं म्हणे. गिरणीत डबा ठेवून येणाऱ्या पोरी.

१० जाने.
सर चुलीपाशीच येऊन उभे. मी गेले शेवटी. बसले फरशीवर, एक पाय लांब, एक दुमडून. दाणा टाकला की जातं जड, दळून झालं की हलकं. तसा खांदा बदलतो.
सर म्हणाले, "अर्धाच फेरा ओढताय. पुढं हात सैल का सोडता?"
मला कळलंच नव्हतं. पुढचा अर्धा अक्काचा.
अक्का म्हणजे थोरली जाऊ, सोनगीरची. बारा वर्षं तिच्यासमोर बसून दळलं. आता अकरा वर्षं बोलणं नाही. आणि हात मेला तिच्यासाठी जागा सोडून बसतो.

१३ जाने.
सर सांगत होते, परदेशात मुका खेळ फार जुना. राजांपुढं करत, बाजारात करत, तोंडाला पांढरं फासून. म्हटलं, आमचं पण तोंड पांढरं व्हायचं दळताना. भुवयासुद्धा.
खरंच आहे. आमचा मुका खेळ चुलीपाशी चालायचा. सासऱ्यांपुढं, म्हणजे आबांपुढं, सुनांनी तोंड उघडायचं नाही. म्हणून आम्ही खुणा केल्या. नाकाला चिमूट म्हणजे आबा आले, ते तपकीर ओढायचे. कानाची पाळी धरली की माझे मालक. भाजीत मीठ कमी, तर करंगळी जिभेला. गुडघ्यावर पंजा म्हणजे थांब, मी बघते. हसू आवरेना तर पदर दातात. एकदा आबा जेवताना दोघींचे पदर दातात, आणि आबा म्हणतात, "सुना वळणाच्या आहेत." तेव्हा तर मरायचीच वेळ.
पोरींना बठ्ठ्या खुणा शिकवल्या. वंदना आता वर्गात नाकाला चिमूट लावते म्हणे, प्रिन्सिपल आले की.

१६ जाने.
सरांना दोघी हव्यात. वंदनाला समोर बसवलं. जमेना. तिच्या हाताला माहीतच नाही कधी सोडायचं. सर म्हणाले, "तुमच्या जाऊबाईंनाच बोलवा की."
म्हटलं, नाव काढू नका.
लिहून टाकते एकदाचं. मालक गेले. तेराव्यानंतर आबा म्हणाले, पोरबाळ नाही, हिला माहेरी धाडा. अक्का परातीपाशी बसलेली. मी तिच्याकडे बघितलं. आबा दोनच माणसांचं ऐकायचे, एक जेठ, अक्काचे मालक, आणि एक ही. तोंडानं नको, पण खूण? काही नाही. हात पिठातच. मी एरंडोलची गाडी धरली. माहेरी भावाकडे चार महिने, मग इथं.
तिनं असं का केलं, एवढंच मला पाहिजे. बाकी काही नको.

१८ जाने.
वंदनाचं गाव नरडाण्याकडचं, वाटेत सोनगीर. सुट्टीला निघाली. तिच्या हाती चिठ्ठी दिली. "जात्यावर बसायला ये. बोलायचं काही नाही." माझं चौथीचं अक्षर, पण कोणाकडून तरी वाचून घेईल.
दिल्यावर वाटलं परत घ्यावी. एस.टी. गेली होती.

२६ जाने.
आली. झेंडावंदन चालू होतं, फाटकात उभी, हातात गाठोडं. किती बारीक झाली. मी म्हटलं, "ये." ती म्हणाली, "कशी शेस?" मी ताट वाढलं. तिनं करंगळी जिभेला लावली.
मिठाचा डबा सरकवला. तोंड फिरवलं, नाहीतर हसले असते.

२७ जाने.
तालीम. पहिल्या फेऱ्यालाच बसलं. ती ओढते, मी सोडते. मी ओढते, ती सोडते. मधे तिनं ओंजळ भरून दाणा टाकला, नसलेला, आणि माझा खांदा आपोआप जड. वंदना रडत होती, मूर्ख.
दिवसभर आम्ही एक शब्द नाही.

२९ जाने.
झाला खेळ. दोन म्हाताऱ्यांना एवढ्या टाळ्या. पोरी नाचत होत्या. अक्काचं ध्यान नव्हतं. मागं खोलीत चहा पिताना तीच बोलली. "मी खूण करी व्हती. तू दखीच नई."
कोणती, ते विचारावं लागलं नाही. म्हटलं, "तुझे हात पिठात होते."
"एक हात पिठात व्हता."
"आणि दुसरा?"
तिनं गुडघ्यावर पंजा ठेवला. थांब, मी बघते. म्हणाली, आबांना समजावणारच होती, पण मी त्याच दिवशी निघून गेले. मग कुणाशी बोलणार? "तूच थांबली नई, बाई."
खोटं बोलतेय, असं तोंडावर म्हटलं. ती चिडली नाही. चहा संपवला.

३० जाने.
सकाळच्या एस.टी.नं गेली. खिडकीतून म्हणाली, "आखाजीले ये." अक्षय्यतृतीयेला, अजून अडीच महिने आहेत. मी हो म्हटलं नाही, नाही पण म्हटलं नाही.
भाकऱ्या करायला बसले. ज्वारीचं पीठ मळता मळता पंजा गुडघ्यावर ठेवून बघितला. पातळावर पांढरी पाच बोटं उमटली. झटकली तरी जाईनात.
म्हणजे ती खरं बोलत असेल तर तेव्हा पण उमटली असणार. अक्काचं लुगडं हिरवं होतं, पक्कं आठवतं. मी निघाले तेव्हा ती दारापर्यंत आली होती. तिचं तोंड बघायचं नाही म्हणून मी खालीच बघत होते. हिरवं लुगडं दिसतं. काठ दिसतो. जोडवी दिसतात.
गुडघ्यापाशी काय होतं, तेवढंच आठवत नाही.