किनारा दिसत नाही तिथे वाचायची पोथी

२८ सप्टेंबर, सकाळ
नवी वही. निश्चय: रोज लिहायचं आणि खरं लिहायचं.
काल जमातीची बैठक झाली. आमचे प्रमुख लधाभाई म्हणाले, "हंसराजभाई, कालतारण पोथी चार पिढ्या तुमच्या घरात लाल कपड्यात बांधलेली आहे. दरवर्षी आम्ही तिला फुलं वाहतो. पण आत काय आहे ते कुणाला वाचता येतं का? येत नसेल तर संग्रहालयात देऊ. निदान वाळवी तरी लागणार नाही."
मी शांतपणे सांगितलं, मला येतं. पण किनारा दिसत असताना ती वाचायची नाही, असा दर्यादेवीचा हुकूम आहे. वडील हेच सांगायचे.
लधाभाई म्हणाले, "मग किनारा दिसत नाही तिथे जाऊ. जुसब नाखवाचं वहाण आहेच समुद्रात न्यायला. तिथे वाचा आणि पोथीवरून वाट काढत आम्हाला मांडवीला परत आणा."
हे मीच सुचवणार होतो.

२९ सप्टेंबर
शरद पुनवेचा दिवस धरला. लख्ख चांदणं, म्हणजे तारे स्वच्छ दिसतील. जुसब नाखवा बराच वेळ माझ्याकडे बघत राहिला. आदरानेच.
माझे पणजोबा मालम होते. नुसत्या ताऱ्यांवर वहाण झांझिबारला न्यायचे. मी पस्तीस वर्षं बंदर कचेरीत कारकून. समुद्र रोज खिडकीतून पाहिला. अनुभव अनुभव म्हणतात तो आणखी काय असतो?

२ ऑक्टोबर
पोथी उघडून थोडा सराव करावा असं वाटलं. पण नियम तो नियम. आमच्या खोलीतून किनारा दिसतो.
कंकू म्हणाली, "अहो, खिडकी लावून घ्या. मग कुठे दिसतो?"
तीस वर्षं संसार करूनही बायकोला शास्त्र कळत नाही.

५ ऑक्टोबर
ताऱ्यांचा अभ्यास सुरू. गच्चीवर गेलो. डास. खाली आलो. उद्यापासून नक्की.

९ ऑक्टोबर
तारे ओळखायचं अॅप असतं म्हणे. परंपरेचा धडधडीत अपमान.
डाउनलोड केलं.

१३ ऑक्टोबर
रतनफई हटून बसली, मी पण येणार. वडिलांची बहीण, विधवा झाल्यापासून आमच्याकडेच. वय एक्याऐंशी, दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. म्हटलं, फई, तुला काय दिसणार?
"मला बघायचं नाही रे. ऐकायचंय."
म्हाताऱ्या माणसाची श्रद्धा. परवानगी दिली.

१६ ऑक्टोबर, दुपार
निघालो. लधाभाई, जुसब, त्याचे दोन खलाशी, फई, कंकू आणि मी. जुसबने जीपीएस फडक्यात गुंडाळून ठेवलं. मोबाईल लधाभाईंनी काढून घेतला. चार दाबेल्या खाल्ल्या. रिकाम्या पोटी पोथी वाचू नये.

१६ ऑक्टोबर, संध्याकाळ
किनारा दिसेनासा झाला. पाठोपाठ दाबेल्याही गेल्या.

१७ ऑक्टोबर
काल पुढे लिहिण्याच्या स्थितीत नव्हतो. घडलं ते असं.
चंद्र वर आला. मी पोथी उघडली. अक्षरं म्हणजे मुंग्यांची वरात. तरी आवाज खर्जात लावला: "हे दर्यादेवी, तुझ्या चरणी..." लधाभाईंनी हात जोडले. मग पान उलटलं, आणखी बरंच वाचलं. चांगलं जमत होतं.
फई म्हणाली, "हंसराज, तिचं नाव या पोथीत कुठेच नाही."
आणि स्वतःच म्हणू लागली. डोळे मिटून. "वाट पाण्यात नसते, वेळेत असते. तारा उगवेल त्या घडीला त्याला विचार, बुडताना विचारू नको, त्याला घरची ओढ असते..." किती वेळ म्हणत होती कोण जाणे. खलाशी हातातली दोरी तशीच धरून उभे. कंकू पदराने डोळे पुसत होती. मलाही काहीतरी झालं, पण मळमळही होतीच.
लधाभाई म्हणाले, "फई, इतकी वर्षं बोलला नाहीत?"
"कुणी विचारलं? बापूजी माझ्या भावाला शिकवायचे. तो झोपायचा. मी रोटले थापत जागी असायचे."
"आणि किनाऱ्याचा नियम?"
"तो भावाने काढला. लोक वाच म्हणायचे ना!"
वडिलांबद्दल असं बोलणं शोभत नाही.
मग फई म्हणाली, "घरी जायचंय ना? ध्रुवाकडे तोंड करा. कुठे आहे तो?"
ते काम माझं होतं. चंद्राच्या उजेडात तारे फारसे नव्हते. त्यातल्या त्यात दमदार तारा निवडून बोट दाखवलं.
जुसब म्हणाला, "हंसराजभाई, तिकडे मस्कत."
त्याने फडकं सोडलं आणि जीपीएस काढलं.

२० ऑक्टोबर
पोथी आमच्याच घरी राहणार. संग्रहालय रद्द. फईने रोज सांजेला ती शिकवायची, असं ठरलं. तिला नवी शाल दिली. ती घडी मोडायला तयार नाही, मांडीवर घेऊन बसते.
नीट विचार केला तर हे माझ्यामुळेच घडलं. मी बरोबर वाचलं असतं तर फई बोलली असती का?
कंकू तीन दिवस हसतेय.

२७ ऑक्टोबर, संध्याकाळी सात
वर्गाचा पहिला दिवस. किनाऱ्यावर वीसेक बायका आणि जुसब. फईला दिसत नाही, म्हणून तारे दाखवायची जबाबदारी माझ्यावर. आठवडाभर तयारी केली. उत्तर दिशा कुठे ते जुसबकडून पक्कं करून घेतलं.
फईचं बोट धरून आकाशाकडे नेलं. म्हटलं, हा ध्रुव. कधी हलत नाही.
फईने हात जोडले. सगळ्यांनी जोडले. पाठ सुरू झाला.
थोड्या वेळाने फई थांबली. "हंसराज, मला अंधुकच दिसतं रे. पण हा चाललाय."
सगळे बघत राहिलो. ध्रुव लुकलुकला, तांबडा झाला आणि भुजच्या विमानतळाकडे उतरला.