तुझ्या चालीवर ढाणकी नाचली

प्रिय दिगांबर,

काल तुझ्या अस्थी पैनगंगेत सोडल्या अन् तेव्हापासून मले घास जात नाही. तुझ्यापासून सात-आठ वर्षं लपवलेली गोष्ट काल चारचौघांत उघडी पडली. म्हणून हे लिहून राह्यलो. आता तू मधातच फोन कापू शकत नाही, एवढं बरं आहे.

तू कॅनडाले जाऊन तिथल्या सिनेमा-सिरियलींना संगीत देऊ लागला, तर आपल्या ढाणकीत सगळ्याहिचा एकच सवाल, गाणं कोणतं केलं? गाणं तर एकही नाही! पडद्यावर कोणी बोलत नसते तेव्हा मागं जे वाजते ते माझं, असं तू मले फोनवर समजावलं. मी गावाले समजावलं. तुझे बाबा तर शेवटपर्यंत सांगत होते, पोरगा तिकडं आवाजाच्या खात्यात आहे, पर्मनंट.

एक दिवस तू मोबाइलवर एक चाल पाठवली. म्हणे, हिनं माझं तिकडं नाव झालं. कायची आहे हे तू सांगितलं नाही अन् मी इचारलं नाही. आमच्या बँडपार्टीले लग्नसराईत नवीन काही पाहिजेच होतं. मी ती क्लॅरोनेटवर बसवली, थोडी पळवली, खाली ढोल टाकला. मारोतीच्या देवळातून नवरदेव मांडवाकडे निघाला अन् आम्ही सुरू केली. काय सांगू बाप्पा! नवरदेवाचा मामा घोड्यापुढून हलेच ना. तेव्हापासून पार उमरखेडपर्यंत एकच फर्माईश, कॅनडा वाजवा.

मंग एकदा सुनेनं मोबाइलवर तुझी सिरियल लावली. बाई कपाट उघडते, आतून मढं पडते, अन् आपली चाल सुरू! पुढच्या भागात तळघरात मढं, पुन्हा तीच. मी हातातला चहा खाली ठेवला. अर्ध्या तालुक्याचे नवरदेव मी मढ्याच्या चालीवर बोहल्यावर चढवले होते!

तुले सांगायची हिंमत झाली नाही. चाल लोकाले आवडली का, असं तू इचारायचा. मी म्हणायचो, लय. मंग तू गप्प व्हायचा. मले वाटे, याले संशय आला.

काल तुले पोचवायले आमची बँडपार्टीही नदीवर आली होती. तिथं तुझी मीरा म्हणाली, "काका, बाबांची ती प्रसिद्ध धून वाजवाल?" वहिनी गुडघ्यानं अडलेल्या, म्हणून एकटी पोर एवढ्या लांबून बापाच्या अस्थी घेऊन आलेली. तिच्यासमोर तमाशा झाला तर? मी आमच्या लोकाले ताकीद दिली, ढोल जीपमध्येच ठेवा, चाल एकदम संथ घ्या. अन् डोळे मिटून फुंकायले लागलो.

डोळे उघडले तर तुझा चुलतभाऊ किसन दोन्ही हात वर करून नाचून राह्यला! त्याच्या मागं सोयरे. आत्याबाईनं तर पदर खोचला. त्याहिची तरी काय चूक? अंगाले सवय लागलेली. मी क्लॅरोनेट खाली घेतलं तसे सगळे जागच्या जागी थिजले. मीरा तोंडावर हात ठेवून उभी होती.

मी तिच्यापुढं हात जोडले अन् सगळं सांगून टाकलं. म्हटलं, पोरी, तुझ्या बापाच्या चालीची मी माती केली.

तिनं माझे जोडलेले हात खाली केले. मंग म्हणाली, "काका, बाबांनी ती लग्नाचीच चाल केली होती. त्यांचं आणि आईचं लग्न कोर्टात झालं ना, बँड नव्हता. सिरियलवाल्यांनी त्यातला ढोल काढून टाकला."

अरे बह्याडा, मले सांगितलं काहून नाही? मी मढ्याच्या भीतीनं गप्प, तू कायच्या भीतीनं गप्प होता? जशी तुझ्या मनात होती तशीच ती इथं वाजत होती, अन् तुले कळलंच नाही. मी एक शब्द बोललो असतो तर! हे मले जन्मभर टोचणार आहे.

मीरानं ढोल आणायले लावला. मंग आम्ही जीव खाऊन वाजवलं, दिगांबर. पोरगी रडत रडत नाचली, अन् पाय एकही तालात नाही. नाचण्यात तुझ्यावरच गेली.

आता एक वचन देतो. मीराचं लग्न जिथं होईल तिथं मी येईन, पासपोर्ट काढावा लागला तरी. अन् नवरदेव निघायच्या आधी वहिनीले समोर बसवून ती चाल एकदा ढोलासकट वाजवीन. तुमची वरात राहिली आहे.

तुझा,
नामदेव बँडवाला