खालची कडी

१४ मार्च, रविवार सकाळ

तीर्थरूप बाबा,

नमस्कार. पत्रात आधी तब्येत विचारावी असं तुम्हीच शिकवलंत, म्हणून विचारते: गुडघे कसे आहेत? गुडघ्यांचं मला कुणी सांगितलं, ते पुढे येईल. उत्तर लांबणीवर टाकायची सवय लागलीय, धंदाच तसा आहे.

चार वर्षांपूर्वी मी नोकरी सोडून मालिका लिहायला निघाले, तेव्हा तुम्ही याला लोकांचा वेळ खाण्याचा धंदा म्हणालात. अगदीच खोटं नव्हतं ते. आमच्या लेखकांच्या खोलीत भिंतीवर एक आलेख असतो. कुठल्या मिनिटाला किती माणसं बघत बसली होती, ते त्यात दिसतं. भांडण लागलं की रेघ वर, समेट झाला की खाली. समेट बघून माणसं सुखाने जेवायला जातात, म्हणून समेट लांबवायचा. भागाचं शेवटचं मिनिट माझ्याकडे. तिथे एक प्रश्न टाकायचा आणि पळ काढायचा. लोक शिव्या घालतात आणि पुढच्या आठवड्यात पाच मिनिटं आधी येऊन बसतात. सगळं खोटं आहे हे ठाऊक असलेली शहाणीसुरती माणसं गॅसवरची भाजी का करपवतात, याचं मला अजून नवल वाटतं.

सध्या आमच्या मालिकेतली मुलगी वडिलांच्या बंद दाराबाहेर उभी आहे. एकतीस भाग झाले. कधी वडिलांना चष्मा सापडत नाही, कधी शेजारीण मध्ये तडमडते, एकदा तर मी दिवेच घालवले. आमचे मुख्य लेखक खूश आहेत. दार उघडलंस तर याद राख, म्हणतात. सगळ्यांना वाटतं मी ताणतेय. मीही तसंच सांगते.

तर त्या दाराची आतली कडी मी लिहिताना फार खाली लिहून बसले, मोठ्या माणसाला वाकावं लागेल इतकी. सेटवरच्या सुतारानेही मुकाट्याने तिथेच ठोकली. मग प्रेक्षकांची पत्रांवर पत्रं. अशी कडी कोण बसवतं, लेखकाचं डोकं ठिकाणावर आहे का? ती वाचायची पाळीही माझ्यावरच आली.

त्यात एक पत्र लाल शाईचं होतं. खाली सही, "एक प्रेक्षक". छापखान्यात जन्मभर मुद्रितं तपासलेल्या माणसाचं अक्षर लपतं होय, बाबा? लिहिलं होतं:

"कडी बरोबर जागी आहे. पण म्हाताऱ्याचे गुडघे आखडलेत, त्याला वाकायला वेळ लागतो, तेवढं दाखवा. राग केव्हाच गेलाय."

मला आधी हसू आलं. मालिकांचं नाव काढलं तरी खोलीतून उठून जाणारे तुम्ही, एकतीस भाग बघितलेत? मग ते पत्र हातात धरून मी तिथेच रडले.

लहानपणी तुम्ही कामावरून आलात की दार मीच उघडायचं, हा माझा हट्ट. वरच्या कडीला हात पोचायचा नाही. ठेंगू म्हणून चिडवलंत आणि त्याच संध्याकाळी माझ्या उंचीवर दुसरी कडी बसवून दिलीत. ती अजून तिथेच आहे, हे मला तुमच्या पत्रावरून कळलं.

खरं सांगते, मी ताणत नव्हते. दार उघडल्यावर वडील काय बोलतील, तेच मला सुचत नव्हतं. जाताना मी तुम्हाला म्हणाले होते, आता माझं तोंड बघायला मागू नका. चार वर्षांत ते शब्द परत घ्यायला एकदाही फोन उचलला नाही. लाज वाटत होती, बाबा. अजून वाटते.

येत्या रविवारी दहा वाजता येते. तुम्ही माझ्यासाठी पुन्हा वाकू नका. सकाळी पेपर घ्याल तेव्हाच कडी काढून ठेवा आणि दार नुसतं लोटून घ्या. मी ढकलून आत येईन.

बत्तिसावा भाग त्याच्या दुसऱ्या दिवशी, सोमवारी द्यायचा आहे. वडिलांच्या वाक्याची जागा मी कोरी ठेवली आहे.

तुमची,
आता वरच्या कडीलाही हात पोचणारी
ठेंगू