उद्याच्या रकान्यातली ओळ

बाबा, तुम्हाला जाऊन चौदा वर्षं झाली, आणि तुमची तलावाची वही मी त्यानंतर काल पहिल्यांदा उघडली. का उघडली ते सांगते, पण आधी थोडं रागावून घेते. तुम्ही विज्ञानाचे मास्तर, अंगात येणाऱ्यांना हसणारे, आणि स्वतःच्या घरात मात्र जन्मभर एक गोष्ट अंगठ्याखाली दाबून बसलात.

त्या पावसाळ्यात मी बारा वर्षांची होते. तलावातल्या खांबावर उंचीची पट्टी रंगवलेली होती. रोज सकाळी तुम्ही पाणी किती चढलं ते वाचून वहीत लिहायचात, आणि तुम्ही गावाला गेलात की ते काम माझ्याकडे यायचं. धानाच्या रोवणीला पाणी कधी सोडायचं हे सगळं गाव त्या वहीवरून ठरवायचं, म्हणून वहीतली गिचमिड तुम्हाला खपत नसे. एका संध्याकाळी वही उघडलीत तर उद्याच्या रकान्यात आधीच लिहिलेलं होतं, 'पाळ फुटली.' तुम्ही मला बोलावलंत. त्या शब्दांच्या खाली तुमचा अंगठा घट्ट दाबलेला होता.

"हे तुनं लिवलं का?"

मी नाही म्हणाले. त्या संध्याकाळी तुम्ही पुन्हा विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी तुम्ही आठवडाभराच्या प्रशिक्षणाला साकोलीला जाणार होता, ते राहिलं. उजाडताच आठ-दहा माणसं, फावडी आणि मातीची पोती घेऊन तलावाच्या बांधावर, पाळीवर गेलात. पाळीखालच्या धानाच्या बांध्यांत रोवायला निघालेल्या बायकांना परत फिरवलंत. मीही त्यांच्याबरोबर जाणार होते, मला तर घरातच कोंडलंत. पाणी सोडायच्या दाराशी, तुडुमाजवळ, खेकड्याच्या बिळातून गढूळ पाणी वाहताना सापडलं. दुपारपर्यंत ते बुजवलं आणि पाळ टिकली. मास्तरनं गाव वाचवलं म्हणून लोक घरी येऊन गेले. तुम्ही जेवला नाहीत.

तुमचा सिद्धांत तिथून सुरू झाला. पाळ फुटली म्हणून ओळ लिहिली गेली, ओळ वाचली म्हणून पाळ फुटली नाही, मग ओळ लिहिली कोणी? अशी उलटी गाठ पडली की जग लगेच मोडत नाही, सैल होतं, असं तुम्ही अंगणातल्या बाजेवर बसून मला समजावायचात. बाजेची एक सुतळी सुटली तरी बाज उभी राहते, झोल फक्त निजणाऱ्याला कळतो. आधी माणसांच्या आठवणी एकमेकींशी जुळेनाशा होतात. मग वस्तू चुकतात. शेवटी, त्या गाठीमुळे जो वाचला त्याला जग धरून ठेवत नाही. उपाय एकच, ज्याने ओळ लिहिली त्याने ती आपली आहे म्हणायचं, की गाठ आवळते. कोणत्या बाजूने आवळते ते मात्र तुम्हाला शेवटपर्यंत मांडता आलं नाही. मी आता कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवते, बाबा. तुमच्या त्या सिद्धांतात गणित कमी आणि धास्ती जास्त होती. तेव्हा ती धास्ती कोणासाठी होती हे मला कळलं नाही.

आई ताटं वाढायची तेव्हा कधीकधी एक ताट कमी मांडायची. घरात माणसं चार, तुम्ही दोघं, दादा आणि मी, आणि ताटं तीन. ती स्वतःच हसून कपाळावर हात मारायची. एकदा मात्र तुम्ही चुलीपुढे उभे राहून तिच्यावर ओरडलात, "पोरगी दिसून नाही राहिली का तुले?" तुम्हाला आईवर आवाज चढवताना मी तेव्हाच पाहिलं. पुढच्या बाजाराला तुम्ही माझ्यासाठी घुंगरांचे पैंजण आणलेत, दागिन्यांना नाक मुरडणारे तुम्ही! वाजत राहा, मला ऐकू आलं पाहिजे, म्हणालात. मी वर्गात मिरवले. शेवटच्या आजारात, भंडाऱ्याच्या दवाखान्यात, तुम्ही माझा हात धरून परत तेच विचारलंत, ती ओळ मी लिहिली का. मी परत नाही म्हणाले.

यंदा कॉलेजात चेहरा दाखवून हजेरी लावायचा मोबाइल आला. सगळ्यांचे चेहरे तो ओळखतो, माझ्यापुढे मात्र 'चेहरा आढळला नाही' असं लिहून येतं. शिपाई म्हणतो, मॅडम, उजेडात उभ्या राहा. मी उजेडातच उभी असते. याला मी हसलेही असते. पण परवा सकाळी मी आईला चहा दिला, तर ती माझ्याकडे मायेनं बघत राहिली आणि म्हणाली, "तू लय चांगली हाय वो बाई. माही पोरगी तलावाच्या पाण्यात गेली. असती त तुह्याएवढीच असती."

डॉक्टर म्हणतात, वयामुळे होतं. होत असेल. शेजारच्या काकूंना मात्र आईनं अचूक ओळखलं, दादाच्या मुलांची नावंही तिनं न चुकता सांगितली. म्हणून मी वही काढली. 'पाळ फुटली.' आणि तुमचा अंगठा होता तिथे, खाली, दुसरी ओळ. 'मास्तरची पोरगी गेली.' ताटं, पैंजण, शाळेतून यायला उशीर झाला की पाळीवर येऊन उभे राहणारे तुम्ही, सगळं एकदम कळलं आणि मी खूप रडले. तीस वर्षं तुम्ही मला एकट्यानं धरून ठेवलं होतं.

हे पत्र दादालाही दाखवणार नाही. गाठ कोणत्या बाजूने आवळेल याची मला भीती वाटते. पण तुमच्याशी दोनदा खोटं बोलले, तिसऱ्यांदा बोलवत नाही. तुम्ही साकोलीला जाऊ नये, घरी राहावं, एवढ्यासाठी पहिली ओळ मीच लिहिली होती. पाळीचं मला काही ठाऊक नव्हतं. सुचलं ते लिहिलं.

दुसरी ओळ मी लिहिलेली नाही, बाबा. अक्षर माझंच आहे.