दोन नंबरचा रिमोट

३ जानेवारी, शुक्रवार
आमच्या आनंदनगर एमआयडीसीत कंपन्यांना सुट्टी शुक्रवारी. त्यामुळे माझे सगळे संकल्पही शुक्रवारचे. आजचा मात्र पाळायचाच आहे. बाबांचा उजवा हात.

डिसेंबरात पॅरालिसिसचा झटका येऊन गेला. बोलणं सुधारलं, पाय सुधारला, पण उजवी मूठ वळत नाही. फिजिओच्या जिज्ञासा मॅडमनी स्पष्ट सांगितलंय, सुरुवातीचे महिनेच कामाचे. बोटं रोज हलली तर हात येईल, नाहीतर असाच राहील. पिवळा स्पंजचा चेंडू देऊन गेल्यात. बाबा त्याच्याकडे ढुंकूनही बघत नाहीत. म्हणतात, मी काय लहान बाळ आहे?

खरी गोष्ट १४ एप्रिलची. आमच्या जुन्या वस्तीत, बुवापाड्याच्या विहारात जयंतीची पहिली मेणबत्ती दरवर्षी बाबा लावतात. आम्ही आता बदलापुरात राहतो, तरी मान त्यांचाच. काल म्हणाले, उजव्या हाताने जमलं तर लावीन, नाहीतर तिकडे येणारच नाही. आणि भिंतीकडे तोंड करून झोपले.

दुपारी मला आयडिया सुचली. व्हिडिओ गेम! मी सहावीत असताना बाबांनी उल्हासनगरहून आणला होता. पहिली पाळी करून आले की माझ्याबरोबर टँकचा गेम खेळायला बसायचे. रिमोट म्हणजे अंगठा, बोटं, मूठ, सगळा व्यायाम एकात. आता जुने गेम कॉम्प्युटरवर चालतात. एम्युलेटर म्हणतात त्याला.

(खासगी: दोन नंबरचा रिमोट मी तेव्हा जोडायचोच नाही. बाबा खेळले की टँक लगेच मरायचा. म्हणून एकट्याचा गेम लावायचो, त्यांच्या रिमोटची वायर गादीखाली सारायचो आणि सांगायचो, मी चालवतो, तुम्ही गोळ्या मारा. दोघांत मिळून एक टँक. शर्टही न बदलता तासभर बटणं दाबत बसायचे. आजतागायत कळलेलं नाही. साधा माणूस.)

५ जानेवारी, रविवार
कामावरून सुटून उल्हासनगरला कान्हाच्या दुकानात. सेकंडहँड कॉम्प्युटर, वायरवाले दोन रिमोट. एम्युलेटर आणि टँकचा गेम कान्हानेच एका फोल्डरमध्ये टाकून दिला. घरी आणून जोडला, लगेच चालू. ती जुनी ट्यँट्यँ वाजली आणि बाबा भिंतीकडचे इकडे वळले. माधवीने टाळ्या वाजवल्या.

बायको भावनिक आहे. मी क्वालिटी डिपार्टमेंटचा माणूस. एक उघडं फोल्डर, त्यात एक फाइल, एक काळी खिडकी. याला सिस्टम म्हणत नाहीत. आमच्याकडे अर्धवट माल गेटबाहेर जात नाही.

बंद केलं. बाबांना सांगितलं, हे तात्पुरतं होतं. खरं येतंय.

प्लॅन: एक लायब्ररी. जुन्या सगळ्या मशीनचे सगळे गेम, वर कॉम्प्युटरचे नवे गेम, प्रत्येकाला कव्हरचं चित्र, सगळं एकाच स्क्रीनवर. बाबांनी फक्त एक बटण दाबायचं. येत्या शुक्रवारी उद्घाटन.

१० जानेवारी, शुक्रवार
सकाळी लाइट गेली. शुक्रवारची दुरुस्ती. संध्याकाळी आली तेव्हा पाहुणे आले.

माधवी म्हणाली, जन्म इथे गेला आणि शुक्रवारी लाइट जाते हे आज कळलं का तुम्हाला? मी म्हटलं, रिस्क माहीत होती.

१६ जानेवारी, गुरुवार
लायब्ररी बसवली, गेम स्कॅन केले. टँकचा गेम एकट्यानेच वीस-बावीस वेळा आला, दर वेळी वेगळ्या नावाने. जुन्या कॅसेटवर हजार गेम लिहिलेलं असायचं, त्याचं रहस्य आज उलगडलं. त्यातल्या एकाला लायब्ररीने आपणहून फुटबॉलचं कव्हर लावलं. हे मी चालू देणार नाही. योग्य कव्हर शोधण्यात संध्याकाळ गेली. सापडलं, पण थोडं धूसर आहे.

बाबांनी आतून एकदा विचारलं, लागला का? म्हटलं, शुक्रवारी.

२४ जानेवारी, शुक्रवार
लाइट.

४ फेब्रुवारी, मंगळवार
एक नंबरचा रिमोट हाताला तेलकट लागतो. वासही येतो, बाबांच्या मालिशच्या तेलासारखा. प्लॅस्टिक घाम सोडतंय. चायना माल. कान्हाला फोटोसकट तक्रार पाठवली. त्याने उलटा फोन केला. चल रहा है ना साईं, तो चालू चीज को हाथ मत लगाओ. दुकानदार अशानेच मागे राहतात.

१२ फेब्रुवारी, बुधवार
जिज्ञासा मॅडम आल्या. बाबांचा अंगठा हलतोय! पहिलं बोटही थोडं. मी त्यांना लायब्ररीची कल्पना समजावली, स्क्रीन दाखवली, कव्हर दाखवली. त्या बाबांकडे आणि माधवीकडे बघून म्हणाल्या, जे करताय ते रोज करत राहा, अजिबात थांबू नका.

उद्घाटनाआधीच हा परिणाम. नुसत्या अपेक्षेने मेंदूला चालना मिळत असणार.

मूठ मात्र अजून पक्की नाही. त्यांनी पेन धरायला दिलं, गळून पडलं. बाबा पडलेल्या पेनाकडे खूप वेळ बघत होते. मला तिथे उभं राहवेना. कव्हरचं काम काढून बसलो.

२८ फेब्रुवारी, शुक्रवार
लाइट होती. पण रिमोटची बटणं लायब्ररीत उलटी लागली. वर दाबलं की टँक उजवीकडे. सगळा दिवस त्यात. शिवाय कॉम्प्युटरसमोरच्या खुर्चीवर कुणीतरी उशी ठेवतंय. मी काढतो, दुसऱ्या दिवशी पुन्हा असते.

माधवीशी वाजलं. म्हणाली, त्या मशीनला आता काही करू नका, आहे तसं राहू द्या. मी विचारलं, आहे तसं म्हणजे कसं? माझं कामच अजून व्हायचंय! तर स्वयंपाकघरात निघून गेली. या घरात मोठा विचार करणारा मी एकटाच, त्याचा शीण येतो.

११ मार्च, मंगळवार
बाबा जेवताना घास उजव्या हाताने उचलायला बघतात. सांडतो, पण बघतात. मूडही बरा आहे. आज स्वतःशीच काहीतरी पुटपुटत होते, उद्या विटांच्या मागून जाऊ म्हणून. वयामुळे असेल.

एप्रिल जवळ आला. लायब्ररी झालीच पाहिजे. शेवटचा टप्पा: साफसफाई. डुप्लिकेट काढणे.

२१ मार्च, शुक्रवार
सकाळ. लाइट आहे! माधवी बाजारात, बाबा झोपलेले. सलग काम. टँकच्या सगळ्या जास्तीच्या कॉप्या उडवल्या. कान्हाचं ते पहिल्या दिवसाचं फोल्डर अजून तसंच पडलेलं, तेही उडवलं. कचरापेटीसुद्धा रिकामी केली. मग मोकळ्या जागेत नव्या गेमचा मोठा साठा उतरवून घेतला. आता एक स्क्रीन, एक बटण, सगळं एका रांगेत. डोळ्यांत पाणी आलं.

संध्याकाळ. उद्घाटन झालं. लिहावंसं वाटत नाही, पण लिहितो.

बाबांना हाताला धरून आणलं. ते त्या उशीवर बसले आणि कुणी न सांगता रिमोट उचलला. उजव्या हाताने! बोटं बरोबर बटणांवर. मी ओरडलोच. टँक लावून दिला. बाबा बघत राहिले. म्हणाले, हा पहिला स्टेज आहे. म्हटलं, हो, पहिल्यापासूनच सुरू होतो. ते म्हणाले, माझा तिसावा होता, तो लाव.

मला काही कळेना. माधवी पिशवी हातात घेऊन दारातच थांबली होती. तिने विचारलं, ते जुनं फोल्डर कुठाय?

रोज दुपारी दोघं त्यातच खेळायचे. जानेवारीपासून. ती रिमोटची एक बाजू धरायची, बाबा बोटं चालवायचे. आधी एकेक बटण, मग दोन, मग सगळा हात. रोज थोडं पुढे जाऊन त्याच फोल्डरमध्ये सेव्ह करून ठेवायचे. जयंतीच्या आधी शेवटचा स्टेज गाठायचा असं दोघांनी ठरवलं होतं.

बाबांनी रिमोट खाली ठेवला आणि आत गेले.

२२ मार्च, शनिवार
मला सांगितलं का नाही, असं विचारलं. माधवी म्हणाली, सांगितलं असतं तर तुम्ही त्यात सुधारणा केली असती.

लायब्ररीत प्रत्येक गेम किती वेळ खेळला याची नोंद असते. सगळे मिळून अकरा मिनिटं. त्यातली बरीचशी बटणं तपासण्यात गेलेली.

रजा टाकून कॉम्प्युटर कान्हाकडे नेला. त्याने दुपारभर खटपट केली. शेवटी म्हणाला, नया माल उसी के ऊपर चढ़ा दिया साईं, अब नहीं मिलेगा. मी नव्या मालाच्या क्वालिटीबद्दल काही बोललो नाही.

३० मार्च, रविवार
बाबा रिमोटला हात लावत नाहीत. चेंडूलाही नाही. पुन्हा भिंत. माधवीने कान्हाकडून नवं फोल्डर आणून टाकलं, आज विनवण्या केल्या. नको म्हणाले. घास पुन्हा डाव्या हाताने.

जिज्ञासा मॅडमनी बोटं दाबून पाहिली आणि विचारलं, व्यायाम का बंद झाला? कडक होतायत. सगळे माझ्याकडे बघत होते. मी चहा करायला गेलो.

भीती वाटते. हात माझ्यामुळे राहिला तर? हे इथेच लिहितो, मोठ्याने बोलवत नाही.

४ एप्रिल, शुक्रवार
लाइट गेली. करायला काही नव्हतं, म्हणून गॅलरीत बाबांच्या शेजारी बसलो. पूर्वी असं बसायचो की नाही, आठवत नाही.

बाबांनी विचारलं, बुवापाड्यात असताना लाइट गेली की गेम पुसला जायचा ना? म्हटलं, दर वेळी. मग आपण काय करायचो? म्हटलं, लाइट आली की पहिल्यापासून. बाबा हं म्हणाले.

मी ताबडतोब तीन ठिकाणी बॅकअप घेण्याची योजना मांडली.

संध्याकाळी लाइट आली. बाबांनी माधवीला हाक मारली. मला सांगण्यात आलं की तुम्ही बाहेरच बसा. बाहेर बसलो. आतून ट्यँट्यँ ऐकू आली. कधी नव्हे ते बरं वाटलं.

१४ एप्रिल, सोमवार
सकाळी विहारात. सगळा बुवापाडा जमलेला. माधवीने काडी ओढली. मेणबत्ती बाबांच्या उजव्या हातात. हात इतका थरथरत होता की वात आणि काडी एकमेकींना सापडेनात. मी पुढे होऊन धरणार होतो, माधवीने माझी बाही ओढली. मग वात पेटली. मेण बोटांवर ओघळलं, तरी बाबांनी सोडली नाही. नीट लावली, मग हात जोडले. दोन्ही.

मी रडलो. बुवापाड्यातले जुने शेजारी मुकादम काका, त्यांना सांगितलं की धूर गेला. त्यांनी बाबांच्या हाताबद्दल विचारलं, तेव्हा माझ्या लायब्ररीविषयी थोडक्यात माहिती दिली. शेवटी मूळ कल्पना माझीच.

संध्याकाळी बाबांनी स्वतःहून बोलावलं. कॉम्प्युटर पलंगासमोर आणून ठेवला होता. पलंगावर शेजारी जागा करून दिली. उजव्या हाताने दोन नंबरचा रिमोट उचलून माझ्याकडे दिला. पकड घट्ट होती, मला ओढून घ्यावा लागला. म्हणाले, मी चालवतो, तू गोळ्या मार.

खेळलो. खरं सांगायचं तर माझा हात अजून तसाच आहे. एकही गोळी वाया नाही. बाबा वळवतील तिकडे मी मारत होतो, सगळं जुळून येत होतं. माधवी तोंडाला पदर लावून बघत होती. अजूनही तेच टायमिंग, असं मी तिला सांगितलंसुद्धा.

पाय लांब करताना रिमोटची वायर ओढली गेली. गादीखालून सरसर निघून मांडीवर आली. टोक मोकळं होतं.

बाबांकडे पाहिलं. ते स्क्रीनकडे बघत होते. म्हणाले, मार ना, थांबलास का?

वायर परत गादीखाली सारली आणि दाबत राहिलो.