पाठ टेकल्यावर

अण्णा, गेल्या रविवारी माझी शेवटची कुस्ती झाली. कुस्ती म्हटलेलं तुम्हाला चालणार नाही, हे माहीत आहे. जाळीच्या पिंजऱ्यात दोन माणसं सोडायची, त्यांनी बुक्क्या, लाथा, पकडी सगळं वापरायचं, असला खेळ तुमच्या लेखी म्हणजे तिकीट लावलेली मारामारी होती. पण माझं पोट याच मारामारीवर भरलं, घर याच्यावर चाललं, आणि कानशिलं पांढरी व्हायला लागली तेव्हा मीच ती थांबवली. रडूबिडू आलं नाही. गुडघ्याला आता जरा बरं वाटेल, एवढंच डोक्यात आलं. घरी येऊन आईला सगळं सांगितलं, तर ती भाजी निवडता निवडता म्हणाली, "हे त्यांना कळायला पाहिजे होतं." म्हणून लिहायला बसलो. माझं मराठी अक्षर तुम्हाला कधीच आवडलं नाही, ते अजूनही तसंच आहे.

तुम्ही दिवसभर काचीगुड्याच्या ट्रान्सपोर्ट कचेरीत बिलं लिहायचात आणि पहाटे तालमीत वस्ताद असायचात. कचेरीत तुम्हाला कोणी फारसं विचारत नसे, पण तालमीत तुम्ही नुसते खाकरलात तरी पोरं सरळ उभी राहायची. तुमचा कायदा एकच होता: पाठीला माती लागली की संपलं. मग त्यावर वाद नाही, रडगाणं नाही. आणि दुसरी एक रीत होती, ती फक्त तुमचीच की सगळ्याच वस्तादांची, ते मला अजून माहीत नाही. आपला पोरगा पडतोय असं दिसलं की तुम्ही तोंड फिरवून निघून जायचात. पडलेल्याला वस्तादाचं तोंड दिसू नये म्हणून. घरी आल्यावर त्या कुस्तीचा विषय निघायचा नाही, ताटात मात्र तूप जास्त पडायचं. मी लहानपणी दोन-चारदा मुद्दाम पडावं की काय असा विचार केलेला आहे.

बरकतपुऱ्यातल्या दुकानांच्या वर ती नवी जिम निघाली आणि मी तिकडे जायला लागलो, तेव्हा तुम्ही आठवडाभर बोलला नाहीत. मग जानेवारीत नामपल्लीचं प्रदर्शन लागलं, आणि दरवर्षीसारखे तुम्ही काश्मिरी दुकानातून बदाम घेऊन आलात. पुडी माझ्यासमोर ठेवून म्हणालात, "माती सोडलास, बदाम सोडू नको." मी त्याला परवानगी समजलो. तुमच्या घरात परवानगी त्याहून मोठ्याने मिळत नसे.

माझ्या पहिल्या लढतीला तुम्ही आलात. नामपल्लीच्या पुढचा तो फंक्शन हॉल, एरवी तिथे लग्नं लागतात. आदल्या दिवशीची फुलांची कमान तशीच होती आणि खुर्च्यांना सॅटिनची कव्हरं. तुम्ही पांढरा शर्ट घालून पुढच्या बाजूला बसलात, मांडीवर घडी घातलेला रुमाल. समोरचा माझ्यापेक्षा उंच. पहिल्या फेरीत मी बुक्क्या खाल्ल्या. दुसऱ्या फेरीत तो अंगावर आला आणि मी त्याला धरून मुद्दाम मागे बसलो, पाठीवर गेलो. आम्हाला हेच शिकवलं होतं: खाली पडून वरच्याला पायांत अडकवायचं, त्याचा एक हात ओढून घ्यायचा आणि कोपर उलटं ताणायचं. सोसेनासं झालं की तो हाताने थोपटतो. थोपटलं की हार मानली. मी त्याचा हात धरलाय, पाय त्याच्या मानेवर टाकतोय, डोकं मागे झुकलंय, आणि जाळीतून मला हॉल उलटा दिसतोय. उलट्या हॉलमध्ये एक पांढरा शर्ट दाराकडे चाललाय. त्याने थोपटलं तेव्हा तुम्ही दाराबाहेर होता.

मागून लोक ओरडले ते तुम्ही ऐकलंत. ते त्या उंच पोरासाठी ओरडतायत, असं समजून तुम्ही बस धरून घरी आलात आणि आईला सांगितलंत, "पडला. काही बोलू नको त्याला. जेवायला वाढ." हे तिने मला नंतर सांगितलं. मी गळ्यात पदक घालून स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिलो. तुम्ही पाटावर बसला होता. ताटात पिठलं होतं, आणि माझ्या ताटातल्या भातावर तूप नुसतं वाहत होतं.

"हे कशाचं?" तुम्ही विचारलंत.

"जिंकलो."

"पाठ टेकली होती. मी बघितलो."

"टेकली होती, अण्णा. तिथूनच जिंकलो."

"असं कुठं असतंय?"

मी तिथेच फरशीवर आडवा झालो, पाय वर केले आणि म्हणालो, या, वर या, दाखवतो. आई हसायला लागली. तुम्ही हसला नाहीत. "उठ," म्हणालात. "अन्नापाशी असं पडायलास, लाज वाटत नाही?" मग थोड्या वेळाने, माझ्याकडे न बघता, "कीव आली असंल त्यांना. दिलं असंल." मी जेवलो. त्या तुपाचा राग आला होता. तुमची रीत मला माहीत होती, तुम्ही माझ्यासाठीच उठून गेलात हेही माहीत होतं. तरी मला तुम्ही तिथे हवे होता. आजही हवे होता असंच वाटतं, त्यात काही फरक पडलेला नाही.

पुढचं तुम्हाला थोडंफार माहीत आहे. सकाळी सराव, दुपारी माधापूरच्या कंप्युटरवाल्यांची पोटं कमी करणं, संध्याकाळी पुन्हा सराव. लढतीच्या आधी वजन उतरवायला पाणीसुद्धा मोजून प्यायचं, आणि आई शेजारणींना सांगायची की पोराला उपास आहे. मी बऱ्याच लढती जिंकलो, पण हरलो त्या सगळ्या एकाच तऱ्हेने हरलो. कोणी खाली पाडलं की पाठ टेकायच्या आत मी पालथा व्हायचो. मातीत ते बरोबर आहे. पिंजऱ्यात पालथा झालेल्याच्या पाठीवर बसून गळा आवळता येतो. आमचे कोच जुन्या शहरातले, ते जाळीला तोंड लावून ओरडायचे, "पलटी नक्को मारो बोला ना मैं! पीठ पे रह! जमीन काटती क्या तेरेकु?" मी हौ म्हणायचो आणि पुढच्या वेळी पुन्हा पालथा. बेंगळुरूला पट्ट्याची, म्हणजे अजिंक्यपदाची लढत होती, तिथेही तेच. खाली पडताना मी काही ठरवत नसे. पाठ जमिनीला लागते की काय असं वाटलं की अंग आपोआप वळायचं, आणि डोळे दाराकडे जायचे.

मग तुम्हाला अर्धांगवायू झाला. उजवी बाजू गेली. तुम्ही खाटेवर उताणे, आणि पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून मी तुम्हाला कुशीवर वळवायचो. खुब्याखाली गुडघा घालायचा, खांदा ओढून घ्यायचा. सगळे आमच्या जिममधलेच डाव. एक दिवस वळवायला गेलो तर तुम्ही डाव्या हाताने माझं मनगट धरलंत. मी ओढलं, सुटेना. अंगठ्याच्या बाजूने फिरवलं, तरी सुटेना. तुमचा चांगला पाय माझ्या कमरेला येऊन टेकला. मी म्हणालो, "अण्णा, हेच. हेच मी त्या दिवशी करत होतो." तुम्ही माझ्याकडे बराच वेळ बघितलंत. मग वाकड्या तोंडाने म्हणालात, "जोर कमी पडायलाय तुझा." आणि सोडलंत. तुम्हाला कळलं होतं का? पुन्हा विचारायचं धाडस झालं नाही, आणि पावसाळ्यात तुम्ही गेलात.

रविवारचा पोरगा माझ्यापेक्षा कितीतरी तरुण. तिसऱ्या फेरीत माझे पाय जड झाले, त्याने मला उचलून आपटलं. अंग वळायला लागलं, नेहमीसारखं. कोच ओरडत होते, तेही नेहमीसारखं. मी वळलो नाही. दोन्ही खांदे टेकवून राहिलो, तुमच्या तालमीत चितपट म्हणतात तसा, सगळ्या हॉलसमोर. त्याने दोन बुक्क्या मारल्या. तिसऱ्याला त्याचं मनगट माझ्या हातात आलं. त्याने ओढलं, अंगठ्याच्या बाजूने फिरवलं, पण ते सुटलं नाही. पाय त्याच्या मानेवर गेला, कोपर ताणलं, आणि त्याने थोपटलं.

एवढंच सांगायचं होतं. हा कागद मी कुठे टाकणार नाही. तुमच्या फोटोमागे ठेवला तर आई काढून वाचेल आणि शुद्धलेखन काढत बसेल. पण तिलाही न सांगितलेलं एक राहिलंय. तो पोरगा उठून गेल्यावरही मी तसाच उताणा पडून राहिलो. पंच खाली वाकून विचारायला लागले, लागलं का, डॉक्टर बोलावू का. मी म्हणालो, दम लागलाय. दम लागला नव्हता, अण्णा. डोकं मागे टाकून मी उलट्या हॉलचं दार बघत होतो. वाटलं, तुम्ही नुकतेच बाहेर पडला असाल, तर परत यायला थोडा वेळ द्यावा.